न दिसण्याचे प्रमाण

साइड-स्कॅन सोनारच्या पडद्यावर मला सर्वांत भरवशाची वाटायची ती सावली. बंदरांच्या वाटा मोजणाऱ्या बोटींवर माझी सगळी नोकरी गेली. बोटीमागे केबलला बांधलेला लांबोळका ‘फिश’ पाण्यातून ओढत न्यायचा. तो दोन्ही कुशींना आवाजाचे आखूड ठोके सोडतो, सेकंदाला एक लाखाहून अधिक कंपनांचे, माणसाच्या कानापलीकडचे. तळावर आपटून जे परत येते त्याचा यंत्र उजेड करते. खडकावरून जोरात परतलेला आवाज तांबूस झळाळतो, चिखलात मुरलेला मंद राहतो. रेघेखाली रेघ साचत जाते आणि पाणबुड्याला स्वतःचा हात दिसणार नाही अशा गढूळ पाण्याखालच्या जमिनीचा नकाशा समोर उमटतो. कितीही वर्षे पाहिले तरी मला त्याचे नवल वाटायचे.

एखादी बुडालेली बार्ज तळावर उभी असली की तिच्या पलीकडे आवाज पोचत नाही. तेवढी जागा काळी राहते. फिश तळापासून 10 मीटर वर, सावलीचे टोक फिशपासून 60 मीटरवर आणि सावली 18 मीटर लांब, तर बार्ज 3 मीटर उंच. साधे त्रैराशिक आहे. बार्ज स्वतः बहुतेक वेळा उजळ गोळ्यासारखी दिसते. तिची डोलकाठी, तिचा मोडका कठडा हे सावलीतच वाचावे लागते. म्हणजे जिथून काहीच परत आले नाही, तीच जागा सर्वांत जास्त सांगते.

मीमांसक कुमारिल भट्टांनी सातव्या शतकाच्या सुमारास नेमक्या याच प्रश्नाला हात घातला होता, हे मला निवृत्तीनंतर वाचताना कळले. जमिनीवर घडा नाही, हे आपल्याला कशाने कळते? डोळ्याला दिसते ती जमीन. ‘नसणे’ काही डोळ्यावर येऊन आदळत नाही. म्हणून भाट्ट मीमांसकांनी अनुपलब्धी, म्हणजे न आढळणे, हे ज्ञानाचे सहावे स्वतंत्र साधन मानले. न्यायदर्शन मानणाऱ्या नैयायिकांना हे मान्य नव्हते. त्यांच्या मते अभावही प्रत्यक्षानेच कळतो. वाद पुष्कळ चालला. पण एक अट दोघांनाही लागते, आणि मला महत्त्वाची वाटते ती हीच अट: तिथे घडा असता तर तो दिसलाच असता, अशी परिस्थिती हवी. अंधाऱ्या खोलीत घडा दिसला नाही, एवढ्यावरून घडा नाही असे म्हणता येत नाही.

आमच्या पडद्यावरही काळे दोन जातींचे असे. एक सावलीचे. दुसरे, वारा-प्रवाहाने बोट भरकटून दोन फेऱ्यांच्या मध्ये सुटलेल्या पट्ट्याचे. धंद्यात त्याला ‘हॉलिडे’ म्हणतात. नवख्या पोराला दोन्ही सारखेच काळे वाटतात. पण सावलीत आवाज अडलेला असतो, आणि हॉलिडेत तो गेलेलाच नसतो.

8 मार्च 2014 रोजी 239 माणसांना घेऊन मलेशियाचे एमएच 370 विमान नाहीसे झाले. दक्षिण हिंदी महासागरात सुमारे 1,20,000 चौरस किलोमीटर तळ सोनारने धुंडाळला गेला. तेवढ्यात जुनी बुडालेली जहाजे सापडली, विमान सापडले नाही, आणि जानेवारी 2017 मध्ये तो शोध थांबला. एवढ्या अफाट जागेबद्दल ‘इथे विमान नाही’ हे कळणे मला मोठे ज्ञान वाटते, पण ते जिथे आवाज नीट पोचला आणि परतला तेवढ्यापुरतेच. उरलेल्या समुद्राबद्दल ते काहीच बोलत नाही.

माझे धाकटे काका मालवणातून होडी घेऊन गेले ते वादळात परतले नाहीत. होडीची फळीसुद्धा मिळाली नाही. मी सुट्टीवर घरी आलो तेव्हा काकीने विचारले, “तुझ्या त्या मशिनीत ते दिसतले काय रे?” मी म्हटले, “काकी, थय आमची बोट गेलीच नाय.” याहून खरे उत्तर माझ्याजवळ नव्हते. वकील म्हणाले, सात वर्षे खबर नसली की कायदा माणूस मेला असे धरतो. भटजी म्हणाले, बारा वर्षे वाट पाहायची आणि मग पळसाचा पुतळा करून त्याला अग्नी द्यायचा. काकीने भटजींचे ऐकले. तोवर ती कुंकू लावत राहिली. त्या शास्त्राबद्दल मला आदर वाटतो, कारण ते माणूस मेल्याचा पुरावा असल्याचा आव आणत नाही. पुरावा नसताना मागे राहिलेल्याने किती काळ अडकून राहावे, एवढेच ते ठरवते.

देवाबद्दल माझ्या सोबत्यांचे बोलणे निघे तेव्हा मला हे सगळे आठवे. कुणी म्हणे, इतक्या दुर्बिणी लावल्या, कुठे आढळला? नैयायिक उदयनाचार्यांनी ‘न्यायकुसुमांजली’च्या तिसऱ्या स्तबकात, म्हणजे प्रकरणात, याच आक्षेपाला तोंड दिले आहे. दिसत नाही ते नाहीच, असे म्हणणारा चार्वाक घराबाहेर पडला की बायकामुले दिसेनाशी होतात. मग त्याने त्यांच्या नावाने छाती बडवायला हवी! ज्याला पकडण्याची योग्यताच साधनात नाही, त्याच्या न सापडण्याने काहीही सिद्ध होत नाही. मी स्वतः आईच्या आजारपणात रात्ररात्र प्रार्थना केली आणि काही परतून आले नाही. ती सावली होती की हॉलिडे, हे मी अजून ठरवू शकलेलो नाही.

उदयनाचार्य तिथे थांबत नाहीत. पाचव्या स्तबकात ते जग हे कार्य आहे, म्हणून त्याला कर्ता हवा, अशा अनुमानांनी ईश्वर सिद्ध करायला निघतात. ती अनुमाने मी पुन्हा पुन्हा वाचली, मला पटत नाहीत. तिसरा स्तबक मात्र मी नोकरीभर पाण्यात तपासला आहे, आणि त्यावर कुणाशीही वाद घालायला मी तयार आहे.