विलंब कोणाचा पक्ष घेतो?

शहाण्यानें कोर्टाची पायरी चढूं नये, असें आपल्याकडे वडील माणसें सांगत आलीं आहेत. उपदेश चांगला आहे. परंतु तो ज्याच्या ताब्यांत जमीन आहे त्याच्याच सोयीचा आहे, हें वाचकांनीं ध्यानांत घ्यावें. ज्याची जमीन दुसऱ्यानें दाबली, त्यानें ती पायरी चढूं नये तर जावें कोठें?

ता. २० ऑक्टोबर २०२३ रोजीं सर्वोच्च न्यायालयाचे न्यायमूर्ति रवींद्र भट व अरविंद कुमार ह्यांनीं एका दिवाणी प्रकरणाचा निकाल दिला. मूळ दावा १९८२ सालचा. मृत पक्षकाराच्या जागीं कोणी उभें राहावें, ह्याचाच वाद वरपर्यंत गेला, आणि एकेचाळीस वर्षें लोटलीं तरी दावा खालीं तसाच पडून राहिला. त्या निमित्तानें सर्व जिल्हा व तालुका कोर्टांस आज्ञा झाली कीं, समन्स वेळेवर बजावावें. कैफियत तीस दिवसांत, कारण दाखविल्यास फार तर नव्वद दिवसांत घ्यावी. चौकशी शक्यतों रोजच्या रोज चालवावी. मागितली म्हणून तहकुबी देऊं नये. आणि पांच वर्षांहून जुन्या दाव्यांवर उच्च न्यायालयांनीं समिति नेमून देखरेख ठेवावी.

ह्यांत नवें असें फारसें नाहीं. चौकशी चालूं असतां एका पक्षास तीनांहून अधिक तहकुब्या देऊं नयेत, हा नियम २००२ सालापासून दिवाणी प्रक्रिया संहितेंत आहेच. मग पुनः सांगण्याची पाळी कां आली? आमच्या मतें, विलंब हें कोणाचेंच कृत्य नव्हे अशी सर्वांची समजूत आहे, म्हणून. न्यायाधीशास वाटतें, आज आपण कांहीं ठरविलें नाहीं, केवळ पुढची तारीख दिली. परंतु शेत तारखेसाठीं थांबत नाहीं. त्या मुदतींत कोणीतरी तें नांगरतोच, पीक घरीं नेतोच. म्हणून प्रत्येक तारीख हा एक लहानसा निकालच होय, आणि तो बहुतकरून कब्जेदाराच्या बाजूनें लागतो. त्याचीं कारणें मात्र कोणी लिहीत नाहीं.

घाईनें न्याय बुडतो, असें कोणी म्हणेल. खरें आहे. जिला तलाठ्याकडून उतारा वेळेवर मिळाला नाहीं, अशा विधवेला नव्वदावा दिवस दाखवून दार लावणें हा न्याय नव्हे. तहकुबी दुर्बळासाठीं ठेविलेली होती. ती बलवानाच्या हातीं गेली. तेव्हां ती कोण व कशासाठीं मागतो, हें पाहिलें पाहिजे, आणि तें पाहण्यास न्यायाधीशाला फुरसत पाहिजे. १९८७ सालीं विधि आयोगानें, दर दहा लाख लोकांमागें असलेले सुमारें साडेदहा न्यायाधीश पांच वर्षांत पन्नास करावे, अशी शिफारस केली. अद्याप निम्मा पल्लाही गांठलेला नाहीं. मोशे सकाळपासून संध्याकाळपर्यंत एकटाच न्याय करीत बसे, तेव्हां इथ्रोनें त्यास त्वरा कर असें सांगितलें नाहीं. आणखी माणसें नेमण्यास सांगितलें.

हुकूमनामा मिळाल्यावर तरी सुटका होते काय? हिंदुस्थानांतील पक्षकाराच्या अडचणी तेथूनच सुरू होतात, अशा अर्थाचें मत प्रिव्ही कौन्सिलनें १८७२ सालींच दिलें होतें. सर्वोच्च न्यायालयानें २०२१ सालीं व पुनः मार्च २०२५ मध्यें, दरखास्ती सहा महिन्यांत निकालांत काढाव्या, असें फर्माविलें. त्याच वर्षीं ऑक्टोबरांत आंकडे पाहिले तों आठ लाखांहून अधिक दरखास्ती पडून होत्या; त्यांतील तीन लाखांहून अधिक एकट्या मुंबई उच्च न्यायालयाच्या अधिकारक्षेत्रांत!

परंतु सारा दोष कोर्टांच्या माथीं मारून आम्हांस मोकळें होतां येत नाहीं. आमच्या ओळखीचे एक गृहस्थ, एरवीं सज्जन, मयत धाकट्या भावाच्या वाटणीचें शेत बारा वर्षें कसीत आहेत. भावजयीनें दावा लाविला आहे. मागल्या ज्येष्ठांत ते तालुक्याहून हंसतमुखानें परतले. निकाल लागला काय, असें आम्हीं विचारिलें. "नाहीं, पाळकसाहेब," ते म्हणाले, "तारीख मिळाली. हा हंगाम पदरांत पडला." साक्षीदार आजारी असल्याचा दाखला त्यांनींच मिळविला होता. तो साक्षीदार आदल्या दिवशीं ओढ्यापलीकडे पेरणी करतांना आम्हीं पाहिला होता.

खोटें बोलणें पाप आहे, असें म्हटलें असतें तर त्यांनीं तें मान्य केलें असतें. पण भावजयीचें एक पीक आपण नेलें, हें त्यांच्या मनांतही आलें नव्हतें. पुढच्या तारखेस आजारी कोण पडणार, एवढेंच आम्हीं त्यांस विचारिलें. ते कांहीं बोलले नाहींत. त्यांची भावजयही त्याच एस्. टी. नें आली होती. ती मागाहून उतरली आणि आमच्या पुढूनच घरीं गेली.