त्यांचं त्यांना

कळपात नवा कोंबडा सोडायचा म्हटलं की घरातलं कुणीतरी म्हणतंच, "मध्ये पडू नका. त्यांचं त्यांना ठरवू द्या." ऐकायला शहाणपणाचं वाटतं. मला ते पुरतं कधी पटलं नाही.

नवा कोंबडा आणावाच लागतो. एकच वर्षानुवर्षं ठेवला तर त्याच्याच लेकी-नाती अंड्यावर येतात. मग अंडी कमी फुटतात, पिल्लं मरतुकडी निघतात. बाजारातनं आणलेला आधी तीन-चार आठवडे लांब बांधायचा. मानमोडी घेऊन आला असेल तर सगळं परडं मोकळं करतो. मग आठवडाभर डालग्याखाली, कळपाच्या मधोमध. फटीतनं एकमेकांना बघू द्यायचं.

मग डालगं उचललं की जुना मान फुलवून येतोच. कोंबड्या खुशाल दाणे टिपत राहतात. त्यांची उतरंड वेगळी. कुणी आधी टिपायचं, कुणी वरच्या दांडीवर बसायचं. नॉर्वेच्या एका अभ्यासकानं १९२१ साली ही टोचण्याची उतरंड लिहून काढली म्हणे. आमच्या आईला ती तोंडपाठ होती, कोंबड्यांच्या नावांसकट.

मोकळ्या परड्यात भांडण झालं तर हरलेला पळतो, काट्याच्या कुपाटीमागं दडतो आणि जिंकलेला चार पावलं धावून माघारी फिरतो. तेच बंद खुराड्यात झालं तर पाठ दाखवूनही सुटका नाही. डोकं रक्तबंबाळ होईस्तोवर टोचणी चालते. कोंबडे तेच, राग तोच. फरक पळायला जागा होती का, एवढाच. आणि जागा कोंबडे ठरवत नाहीत, मी ठरवतो. मग कुंपणाबाहेर हाताची घडी घालून 'निसर्ग आहे' असं कोणत्या तोंडानं म्हणायचं?

आमच्या शिवारात धरणग्रस्तांची घरं वसवली, तेव्हाही हेच ऐकलं. जमीन इथल्यांच्याच वाट्यातली कापून दिलेली, विहीर एकच. पाण्यावरनं डोकी फुटायची वेळ आली की साहेब म्हणायचे, "गावचं गावानं मिटवा." दोन्हीकडची माणसं वाईट नव्हती. दुसरी विहीर झाली आणि निम्मं भांडण आपोआप गेलं.

बायको म्हणते, "सारखं सोडवत बसलात तर रोज नव्यानं झुंजतील." तिचंही खरं आहे, अर्धवट सोडवलेलं भांडण दुसऱ्या दिवशी पुन्हा पेटतं. म्हणून मी दाण्याची दोन भांडी लांब-लांब ठेवतो, आडोशाला पाट्या उभ्या करतो आणि तिथंच बसून राहतो. रक्त दिसलं तर मात्र उचलतो, हळद भरतो. लाल दिसलं की बाकीचेही टोचायला येतात, न भांडलेलेसुद्धा.

राहता राहिला जुना. आठ-दहा कोंबड्यांना एक नर पुरतो, माझ्या अकरा. हिशेबानं तो बाजारात नाहीतर पातेल्यात जायला हवा. यानं घार दिसली की ओरडून चार वर्षं पिल्लं राखली. हिशेबात हे कुठं मांडायचं? सध्या तो गोठ्याच्या मागं एकटा असतो आणि पहाटे नव्याच्या आधी आरवतो. परवा बायकोनं विचारलं, "अहो, याचं काय ठरवलंत?" मी मूठभर ज्वारी घेतली आणि गोठ्याकडं गेलो.