अधोलोकाच्या उंबरठ्यावर

नोव्हेंबर महिना उजाडला की सोलापूर जिल्ह्यातील साखरपट्ट्यात उसाच्या गळिताची लगबग सुरू होते. त्याच सुमारास, २ तारखेला, आपण ख्रिस्ती माणसे मृतभाविकांचे स्मरण करतो. माळशिरस तालुक्यातील श्रीपूर हे असेच एक कारखान्याचे गाव. काही वर्षांपूर्वी त्या दिवशी तेथील एका घरी आम्ही संध्याकाळच्या प्रार्थनेसाठी जमलो होतो. रोझरी संपल्यावर घरातील सुनेने आपल्या माणसांची नावे घेत एकेक मेणबत्ती लावली. आजोबांची लागली, सासूबाईंची लागली. शेवटची मेणबत्ती मात्र तिने हातात तशीच धरून ठेवली. ती तिच्या पहिल्या बाळाची होती. ते बाळ जन्मल्यावर दोन तासांतच गेले होते. धर्मगुरू दूर होते, बाप्तिस्मा राहून गेला होता. म्हणून बाळाला नावही नव्हते. अशा बालकांना देवाचे मुख दिसत नाही, ती उंबरठ्यावरच राहतात, असे कोणा वडीलधाऱ्यांनी तिला सांगितले होते. तिने आम्हांला विचारले, "तुम्हीच सांगा, ही लावू की नको?"

त्या क्षणी आम्हांला नीट उत्तर देता आले नाही. आम्ही "लाव, बाई" एवढेच म्हणालो. परंतु ज्या उंबरठ्याची तिला भीती वाटत होती तो उंबरठा आला कोठून, हा प्रश्न आमच्याबरोबर घरी आला. त्याचा माग काढीत गेलो तेव्हा वाट आम्हांला प्राचीन ग्रीकांच्या मृत्युलोकाकडे घेऊन गेली. वाचकांना हे आडवळण वाटेल. पण आपल्या नित्याच्या प्रार्थनेतच त्या लोकाची एक खिडकी आहे.

प्रेषितांच्या विश्वासांगीकारात ख्रिस्त अधोलोकात उतरला असे आपण म्हणतो. मृतांच्या निवासाला हिब्रू भाषेत 'शिओल' म्हणत. अलेक्झांड्रिया येथे यहुदी पंडितांनी जुन्या कराराचे ग्रीक भाषांतर केले तेव्हा त्या शब्दासाठी त्यांनी 'हेडिस' हा ग्रीक शब्द योजला. हेडिस हे ग्रीकांच्या मृत्युदेवतेचे नाव आणि तिच्या राज्याचेही. लूकच्या शुभवर्तमानातील श्रीमंत माणूस लाजरसला दुरून पाहतो तो याच हेडिसमधून. पेत्राच्या दुसऱ्या पत्रात तर पतित देवदूतांविषयी लिहिताना, ग्रीकांचे 'टार्टारस' हे खोल पाताळ ज्यात दडले आहे असे क्रियापद आले आहे. आपल्याकडेही तेच घडले. 'अधोलोक' हा शब्द जैनांच्या विश्वरचनेत होता, पुराणांच्या परंपरेत होता. तो मराठी बायबलने घेतला. कोकणी ख्रिस्ती माणूस नरकाला 'यमकोंड' म्हणतो, त्यात यमाचे नाव उघड आहे. फादर थॉमस स्टीफन्स यांनी १६१६ साली छापलेल्या 'क्रिस्तपुराणा'त स्वर्गाला वैकुंठ म्हणण्यास संकोच केला नाही. श्रद्धा ज्या घरात जाते त्या घरची भांडी वापरते. पण उसन्या भांड्याला आधीच्या अन्नाचा वासही असतो. शब्दाबरोबर त्यातील जुनी भीतीही कधी कधी घरात येते.

ती भीती होमरने फार प्रामाणिकपणे लिहून ठेवली आहे. 'ओडिसी'च्या अकराव्या सर्गात ओडिसियस मृतांच्या देशाच्या काठावर खड्डा खणतो आणि त्यात मेंढ्यांचे रक्त ओततो. ते प्याल्यावरच सावल्यांना बोलता येते. तेथे त्याला त्याची आई भेटते. तो युद्धावर निघाला तेव्हा ती जिवंत होती. मुलाच्या ओढीने झुरून ती मेली. तो तीन वेळा तिला मिठी मारू पाहतो आणि तिन्ही वेळा ती स्वप्नासारखी हातातून निसटते. पुढे महावीर अकिलिस भेटतो. मृतांचा राजा होण्यापेक्षा एखाद्या गरीब शेतकऱ्याकडे मजुरी करणे मला पत्करेल, असे तो सांगतो. प्लेटोला हे बोलणे रुचले नाही. तरुणांना मरणाचे भय वाटावे असे काव्य नको, असे त्याने 'रिपब्लिक'मध्ये बजावले. पण त्याच ग्रंथाचा शेवट त्याने मृत्यूनंतरच्या प्रवासाच्या कथेनेच केला! या विषयावर तर्क थकतो तेथे तत्त्वज्ञालाही गोष्ट सांगावी लागते.

ऑर्फियसची गोष्ट सर्वांत परिचित. पत्नी युरिडिसी सर्पदंशाने मेली तेव्हा हा गायक पाताळात गेला आणि त्याच्या गाण्याने तेथील राजाराणीचे मन द्रवले. तिला ने, पण वर पोहोचेपर्यंत मागे वळून पाहू नकोस, एवढीच अट होती. उजेड दिसू लागला आणि तो वळला. युरिडिसी कायमची परत गेली. आपल्या शेजारच्या भगिनी ज्येष्ठात वडाला फेरे घालतात त्या सावित्रीचे स्मरण येथे होते. तिने यमाचा पाठलाग करून, आपल्या बोलण्याने त्याला जिंकून सत्यवान परत आणला. ग्रीक कवींना मात्र तो शेवट खरा वाटला नाही. प्रीती मृत्यूच्या दारापर्यंत जाऊ शकते, आतही जाऊ शकते, पण सोबत घेऊन परत येऊ शकत नाही, असा त्यांचा अनुभव होता. ज्यांनी आपले माणूस पुरले आहे ते या अनुभवाला खोटे म्हणणार नाहीत. मराठीत जी. ए. कुलकर्णी यांनाही 'ऑर्फियस' नावाची कथा लिहावीशी वाटली. ती 'पिंगळावेळ' या त्यांच्या संग्रहात आहे. ही कथा देशोदेशींच्या लेखकांना पुन्हा पुन्हा हाक मारते याचे कारण त्या एका वळून पाहण्यात आहे. तो का वळला, अविश्वासाने की अतिप्रेमाने, हा प्रश्न मिटत नाही.

आता तो उंबरठा. इसवी सनापूर्वी १९ साली रोमन महाकवी व्हर्जिल वारला, तेव्हा त्याचे 'इनीड' हे महाकाव्य अपुरेच होते. त्याच्या सहाव्या सर्गात इनियस पित्याच्या भेटीसाठी पाताळात उतरतो. केरॉन नावाडी त्याला नदीपार नेतो. मृताच्या तोंडात या नावाड्यासाठी नाणे ठेवण्याची ग्रीकांची रीत होती. आपल्याकडेही वैतरणी पार व्हावी म्हणून गोदान होते. (त्याच नावाशी नाते सांगणारी वैतरणा वसईच्या उत्तरेला वाहते आणि आपली माणसे आगगाडीने ती ओलांडतात, तेव्हा कोणाच्या मनात मरणाचा विचारही येत नाही.) नदी ओलांडताच इनियसला पहिल्याच उंबरठ्यावर रडण्याचा आवाज येतो. आईच्या छातीपासून तुटलेली, आयुष्याची गोडी न चाखलेली तान्ही बालके तेथे आक्रंदत असतात. कवी त्यांच्याविषयी निवाडा देत नाही. त्यांचा काही अपराध आहे असेही म्हणत नाही. काही ओळींतच तो पुढे जातो. पण ते रडणे वाचकाच्या कानांत राहते.

ख्रिस्ती धर्मपंडितांनी आपली शिकवण व्हर्जिलवरून घेतली असे आम्ही म्हणणार नाही. त्यांच्यासमोर निराळा प्रश्न होता. बाप्तिस्म्याविना मूळपाप जात नसेल तर अशा बालकांचे काय? संत ऑगस्टिन यांनी त्यांना शिक्षा मानली, पण अत्यंत सौम्य. संत थॉमस अक्वायनस यांनी ती वेदनाही काढून घेतली. देवदर्शन नसले तरी त्यांना स्वाभाविक सुख असते, असे ते म्हणाले. या अवस्थेला 'लिंबो', म्हणजे कडा किंवा काठ, असे नाव पडले. पुढे १३२१ साली दिवंगत झालेल्या दान्तेने आपल्या महाकाव्यात या काठाचे चित्र रंगवले. केरॉन, मिनॉस, तीन तोंडांचा सर्बेरस ही ग्रीकांची मंडळी त्याने आपल्या नरकात नोकरीस ठेवली आणि लिंबोत बालके, स्त्रिया, पुरुष यांचा मोठा समुदाय उभा केला. तेथे यातना नाहीत, फक्त उसासे आहेत. खुद्द व्हर्जिलही तेथेच आहे. आपण येथे नवखे असताना एक पराक्रमी पुरुष आला आणि आदाम, हाबेल, नोहा, मोशे यांना घेऊन गेला, असे तो दान्तेला सांगतो. तो स्वतः मात्र मागे राहिला. आपल्या गुरूला मागे ठेवताना दान्तेचे मन जड झाले आहे, हे त्या सर्गात लपत नाही.

हे धर्मपंडितांचे मत होते. चर्चने लिंबोला कधीही श्रद्धासिद्धान्ताचा दर्जा दिला नाही. पण मत ग्रंथात राहते आणि चित्र घराघरांत जाते. श्रीपूरच्या त्या सुनेला ऑगस्टिन ठाऊक नव्हते, दान्ते ठाऊक नव्हता. तिला फक्त उंबरठा आणि त्यावर रडणारे बाळ ठाऊक होते.

याच काळात ख्रिस्ती पूर्वेकडे दुसरे चित्र प्रार्थनेत होते. कॉन्स्टॅन्टिनोपल येथील खोरा मंदिरात, दान्तेच्या अखेरच्या वर्षांच्या सुमारास, एका अनाम चित्रकाराने ते भिंतीवर रंगवले. पुनरुत्थित ख्रिस्त अधोलोकाची दारे पायाखाली तुडवून उभा आहे. कुलुपे, बिजागऱ्या इतस्ततः विखुरल्या आहेत. एका हाताने त्याने आदामाला आणि दुसऱ्याने हव्वेला थडग्यातून ओढून काढले आहे आणि त्याने त्यांचे तळहात धरलेले नाहीत, मनगटे धरली आहेत. ज्याच्या हातात पकडण्याचे बळ उरलेले नाही त्याला असेच धरावे लागते. बुडणाऱ्या मुलाला भीमेच्या पात्रातून काढणारा माणूसही मनगटच धरतो.

रोममधील भूमिगत दफनस्थानांत आरंभीच्या ख्रिस्ती लोकांनी वीणा घेतलेल्या ऑर्फियसचे चित्र ख्रिस्ताचे प्रतीक म्हणून काढले होते. त्यांचे मर्म आम्हांला या मनगटांपाशी उमगते. होमरचा पुत्र रिकामी मिठी घेऊन परततो. व्हर्जिलच्या इनियसचीही पित्याला मारलेली मिठी तीनदा रिकामी राहते. ऑर्फियस पुढे चालतो आणि युरिडिसीने आपल्या बळावर मागे यायचे असते. आपल्या श्रद्धेने त्या कथांतील दुःख खोटे ठरवले नाही. पवित्र शनिवारची शांतता हे त्या दुःखाचेच स्मरण आहे. परंतु त्या दिवशीच्या प्रार्थनाविधीत वाचल्या जाणाऱ्या प्राचीन प्रवचनात ख्रिस्त हरवलेले मेंढरू शोधावे तसा आदामाला शोधत खाली जातो आणि त्याचा हात धरून त्याला उठवतो. येथे मृताने चालत यायचे नसते.

मग जे बालक अजून एक पाऊलही चालले नाही, त्याच्यापाशीच हा हात थांबतो काय? चर्चने या प्रश्नावर सावकाश, पण स्पष्टपणे पावले टाकली आहेत. १९७० च्या मिस्सा-ग्रंथात बाप्तिस्म्यापूर्वी वारलेल्या बालकासाठी अंत्यविधीचा मिस्सा आला. १९९२ च्या धर्मशिक्षणग्रंथाने अशा बालकांना देवाच्या करुणेच्या हाती सोपवण्यास सांगितले आणि येशूने बालकांना जवळ बोलावले होते याची आठवण दिली. २००७ साली आंतरराष्ट्रीय ईशज्ञान आयोगाचा प्रबंध पोप बेनेडिक्ट सोळावे यांच्या संमतीने प्रसिद्ध झाला. अशा बालकांच्या तारणाची आशा बाळगण्यास भक्कम आधार आहेत, असे त्याने म्हटले. मात्र ही खात्रीची माहिती नव्हे, प्रार्थनापूर्वक आशा आहे, हेही नोंदवले.

येथे काही वाचक विचारतील, असे असेल तर बाप्तिस्म्याचे महत्त्व काय उरले? शंका रास्त आहे. आयोगानेही बाप्तिस्मा लांबणीवर टाकण्यास कोणतीही सवलत दिलेली नाही. उलट जीव धोक्यात असेल तेव्हा धर्मगुरूंची वाट न पाहता कोणीही, चर्चला अभिप्रेत असलेल्या हेतूने, डोक्यावर पाणी ओतून त्रैक्याच्या नावाने बाप्तिस्मा देऊ शकतो, ही गोष्ट प्रत्येक कुटुंबाला माहीत असली पाहिजे. श्रीपूरच्या त्या घरात ती कोणी वेळेवर सांगितली नव्हती. आम्हीही नाही. ती चूक त्या आईची नव्हती, समाज म्हणून आपली होती. आणि तिचा दंड मात्र तिने वर्षानुवर्षे एकटीने भरला.

संस्कार आपल्याला बांधतात. देव आपल्या संस्कारांनी बांधला गेलेला नाही, असे धर्मशिक्षणग्रंथही सांगतो. म्हणून मृतांविषयी बोलताना आपला अधिकार कोठे संपतो हे ओळखणे हा प्रथम नीतीचा प्रश्न आहे. कवीला पाताळाचा नकाशा काढण्याची मोकळीक आहे, कारण तो जिवंतांचे दुःख त्या नकाशावर मांडत असतो. व्हर्जिलच्या उंबरठ्यावरचे रडणे त्याने ऐकलेल्या आयांचे रडणे आहे, असे आम्हांला वाटते. आपण मात्र ते चित्र उचलून एखाद्या आईच्या हातात तिच्या बाळाचा पत्ता म्हणून दिले तर काव्याचाही अपमान होतो आणि करुणेचाही. दुःखी घरात जाऊन निवाडा सांगणाऱ्याला वाटते की आपण सत्याची बाजू राखली. प्रत्यक्षात त्याने आपले अज्ञान देवाच्या नावावर खपवलेले असते.

त्या संध्याकाळी तिने शेवटची मेणबत्ती लावली ती इतरांपासून जरा दूर, खिडकीच्या कडेला. पुढच्या नोव्हेंबरात आम्ही पुन्हा त्या घरी जाऊ तेव्हा ती ओळीत, आजोबांच्या आणि सासूबाईंच्या मध्ये ठेवावी असे तिला सांगणार आहोत. नाव नसले तर ज्याने मनगट धरले आहे त्याला ते ठाऊक असेल.