सुटकेवरचे अपील आणि अविश्वासाची कारणे

सत्र न्यायालयाने आरोपीला निर्दोष सोडले तरी राज्य सरकारला उच्च न्यायालयात दाद मागता येते. यवतमाळ, पुसद, दारव्हा, केळापूर येथील निकालांविरुद्धची अशी अपिले नागपूर खंडपीठापुढे जातात. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या ३७८व्या कलमाची जागा १ जुलै २०२४पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या ४१९व्या कलमाने घेतली. अपिलाआधी उच्च न्यायालयाची परवानगी घेण्याचे बंधन कायम राहिले.

अशा अपिलात सगळा पुरावा नव्याने तपासण्याचा उच्च न्यायालयाचा अधिकार प्रिव्ही कौन्सिलने १९३४ साली शिव स्वरूप प्रकरणात मान्य केला. मात्र साक्षीदाराला पिंजऱ्यात बोलताना ज्याने पाहिले त्या न्यायाधीशाच्या मताला वजन द्यायचे, अशी अटही घातली. ‘सबळ आणि अपरिहार्य कारणे’ असल्याशिवाय हात घालू नये, हे पुढे रूढ झालेले सूत्र जणू कायद्याचे कलमच आहे असे मानायला न्या. प्र. बा. गजेंद्रगडकरांनी १९६२ साली नकार दिला. चंद्राप्पा प्रकरणात (२००७) सर्वोच्च न्यायालयाने नियम नेमका मांडला: पुराव्यातून दोन वाजवी निष्कर्ष निघत असतील, तर सुटका कायम ठेवावी.

हा नियम रास्त आहे. संशयाचा फायदा आरोपीला देण्याचे त्यामागचे तत्त्व शिक्षेविरुद्धच्या अपिलातही तेच असते. जुलै २०२५मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने रेल्वे बॉम्बस्फोट खटल्यातील बाराही जणांना सोडले, तेव्हा न्याय हरला अशी ओरड झाली. त्या ओरडीत पुराव्याबद्दल फारसे काही नव्हते. टॅक्सीचालक शंभरहून अधिक दिवस गप्प राहिले आणि मग त्यांनी आरोपींना ओळखले, अशा साक्षीवर कोणाला फाशी द्यावी काय, याचे उत्तर ओरडणाऱ्यांनी द्यायला हवे होते.

पण ‘अविश्वसनीय’ हा शिक्का कसा बसतो, तेही पाहिले पाहिजे. यवतमाळ जिल्ह्यात साक्षीदार गोरमाटी, कोलामी, गोंडी किंवा वऱ्हाडी बोलतो. हवालदार त्याचा जबाब पोलिसी मराठीत उतरवतो. काही वर्षांनंतर उलटतपासणीत वकील विचारतो, हे तुम्ही पोलिसांना सांगितले होते का? ठरलेले उत्तर येते: “सांगितले होते, त्यांनी का लिहिले नाही ते सांगता येणार नाही.” ही विसंगती साक्षीदाराची की लेखनिकाची, हे ठरवणे न्यायाधीशाचे काम आहे. वडिवेलू थेवर प्रकरणात (१९५७) साक्षीदारांचे तीन प्रकार केले गेले: पूर्ण विश्वसनीय, पूर्ण अविश्वसनीय आणि मधले. खरी कसोटी या मधल्यांचीच असते. तिथे अन्य पुराव्याचा आधार शोधावा लागतो.

दोन निष्कर्षांचा नियम कुठे तोकडा पडतो, हे विदर्भातच दिसले. २६ मार्च १९७२च्या रात्री तेव्हाच्या चंद्रपूर जिल्ह्यातील देसाईगंज पोलीस ठाण्यात एका आदिवासी मजूर मुलीला थांबवून ठेवले गेले. तिच्यावरील बलात्काराच्या प्रकरणी दोन पोलिसांवर खटला चालला. सत्र न्यायालयाने १ जून १९७४ रोजी तिची साक्ष खोटी ठरवली, तिच्या पूर्वीच्या शरीरसंबंधांवर बोट ठेवले आणि दोघांना सोडले. नागपूर खंडपीठाने १९७६ साली सुटका रद्द केली: अनोळखी पोलिसांपुढे, ठाण्याच्या आत, मुकाट सोसणे म्हणजे संमती नव्हे. सप्टेंबर १९७८मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सुटका पुन्हा कायम केली. अंगावर जखमा नाहीत, म्हणून प्रतिकार नव्हता. प्रतिकार नव्हता, म्हणून संमती होती, असा तो युक्तिवाद होता.

पुरावा तिन्ही न्यायालयांपुढे एकच होता. त्यातल्या दोन न्यायालयांनी मुलीच्या साक्षीची पारख करताना पोलीस ठाणे ही जागाच हिशेबात धरली नाही. साक्षीदाराचे चारित्र्य किंवा जात-वर्ग हेच अविश्वासाचे कारण असेल, तर त्यातून निघालेला निष्कर्ष वाजवी नसतो, आणि मग दोन निष्कर्षांचा नियम लागूच होत नाही. अशी सुटका फिरवणे हे अपील न्यायालयाचे कर्तव्यच ठरते. नागपूर खंडपीठाने ते बजावले होते.

१९७९ साली उपेंद्र बक्षी, वसुधा धागमवार, रघुनाथ केळकर आणि लोतिका सरकार या कायद्याच्या चार प्राध्यापकांनी सर्वोच्च न्यायालयाच्या या निकालाबद्दल सरन्यायाधीशांना खुले पत्र लिहिले. १९८३ साली पुरावा कायद्यात ११४-अ हे कलम आले: पोलिसाच्या कोठडीतील बलात्कारात संबंध सिद्ध झाला आणि स्त्रीने संमती नाकारली, तर संमती नव्हती असेच न्यायालय गृहीत धरते. बलात्काराच्या खटल्यात फिर्यादी स्त्रीच्या चारित्र्यावरून तिची साक्ष पाडण्याची मुभा देणारे पोटकलम मात्र २००३पर्यंत टिकले. ११४-अ आज भारतीय साक्ष्य अधिनियमात १२०व्या क्रमांकावर आहे.