आश्रय कोणास द्यावा?

परक्या मनुष्यास आश्रय देणे हे सत्कृत्य आहे, ह्याविषयी आपल्यापैकी कोणाचेच दुमत असणार नाही. परंतु तो आश्रय कोणास द्यावा, असा प्रश्न निघाला म्हणजे निरनिराळी उत्तरे ऐकू येऊ लागतात. एक म्हणतो, ‘जो आपल्या उपयोगी पडेल त्यास.’ दुसरा म्हणतो, ‘आधी आपल्या लेकरांस पोटभर मिळू द्या, मग परक्यांचे पाहू.’ तिसरा हे उघड बोलत नाही, पण त्याच्या मनात असते की, ‘जो आपल्यासारखा असेल त्यास.’ ही तिन्ही उत्तरे शहाणपणाची दिसतात. ती खरी आहेत काय, हे एका पुरातन लोकांच्या कथेवरून तपासून पाहावे असे आम्ही योजिले आहे. ते लोक म्हणजे यहूदी. आणि ती कथा दूर देशची नसून आपल्या महाराष्ट्रातली आहे.

मुंबईत अलीकडे यहूदी लोकांची स्थळे दाखविणारे एका दिवसाचे फेरफटके निघतात. जाणता वाटाड्या बरोबर असतो. जालना जिल्ह्यातील काही उपदेशक बंधूंसह आम्हीही असा एक दिवस घालविला. पहिले स्थळ मांडवीतील ‘शार हारहामीम’. ह्या इब्री शब्दांचा अर्थ ‘दयेचे द्वार’ असा आहे. मुंबईतील हे सर्वांत जुने सभास्थान सन १७९६ मध्ये सॅम्युएल इझिकेल दिवेकर ह्या कंपनी सरकारच्या फौजेतील अंमलदाराने बांधविले. तो टिपू सुलतानाच्या कैदेत सापडला होता व सुटका झाल्यास देवाचे घर बांधीन असा त्याने नवस केला होता, अशी परंपरेची कथा आहे. त्याचे लोक सभास्थानास मशीदच म्हणत. जवळच्या मस्जिद स्थानकाचे नाव त्यावरूनच पडले असे सांगतात. तेथून आम्ही भायखळ्याचे १८६४ चे ‘मागेन डेव्हिड’ सभास्थान पाहिले. त्याच्या आवारातील ससूनांच्या शाळांत आज बहुतेक मुले मुसलमान आहेत. मग काळा घोड्याजवळचे १८८४ चे ‘केनेसेथ एलियाहू’, डेव्हिड ससून वाचनालय व शेवटी कुलाब्याची ससून गोदी, असा आमचा क्रम होता.

दिवेकर हे आडनाव वाचून वाचकांस नवल वाटेल. हे लोक बेने इस्राएल म्हणजे इस्राएलाची संतती. त्यांची परंपरा अशी की, स्वदेशातील छळामुळे त्यांचे पूर्वज समुद्रमार्गे निघाले. अलिबागेजवळ नवगावच्या किनाऱ्यावर तारू फुटले आणि सात पुरुष व सात स्त्रिया एवढेच वाचले. पुस्तके बुडाली, भाषा गेली. परंतु शब्बाथ राहिला. कोकणातील खेड्यांत ते तेलाचे घाणे चालवीत आणि शनिवारी घाणा बंद ठेवीत, म्हणून त्यांस ‘शनवार तेली’ हे नाव पडले. त्यांची मातृभाषा मराठी झाली; दिवेहून दिवेकर, पेणहून पेणकर, नवगावहून नवगावकर अशी गावांवरून आडनावे झाली. ज्या काळी युरोपात यहूद्यांचे वाडे जाळण्यात येत होते, त्या काळी कोकणच्या कोणत्याही गावाने ह्यांचा धर्मासाठी छळ केला नाही. गावाने त्यांस मोठा मान दिला असेही नाही. तेल्याची जी जागा गावात होती तीच त्यांस मिळाली. तरी राहावयास जागा, हातास काम आणि आपल्या देवाची उपासना करण्याची मोकळीक, एवढे मिळाले आणि एवढ्यावर हे लोक शतकानुशतके टिकले.

आता पहिल्या उत्तराकडे वळू. उपयोगी मनुष्यास आश्रय द्यावा, असे म्हणणारास डेव्हिड ससूनाचे उदाहरण फार सोयीचे आहे. बगदादच्या दाऊद पाशाच्या जुलमामुळे हा गृहस्थ देशोधडीस लागला व १८३२ च्या सुमारास मुंबईस आला. त्याने व त्याच्या वंशजांनी पुण्याचे ससून रुग्णालय, मुंबईची गोदी, शाळा, वाचनालय अशी किती तरी कामे केली. परंतु हिशेब करावयाचा तर पुरा केला पाहिजे. ह्याच घराण्याच्या संपत्तीचा मोठा भाग चीन देशाशी चाललेल्या अफूच्या व्यापारातून आला होता. त्या अफूने तिकडे किती घरे बुडाली असतील, ह्याची पाटी कोणत्याही इमारतीवर लाविलेली नाही. तेव्हा आश्रय हे जर सद्गुणाचे बक्षीस मानले, तर ससूनास तो द्यावयास हवा होता की नको, हे कसे ठरवावे? ज्या दिवशी तो बायकामुलांसह बंदरावर उतरला, त्या दिवशी त्याच्या हातून पुढे रुग्णालय घडेल की अफू विकली जाईल हे कोणास ठाऊक होते? दारावर आलेल्या मनुष्याचे भविष्य यजमानास दिसत नाही. त्यास दिसते ती केवळ त्याची गरज.

पुढे १९३३ मध्ये जर्मनीत हिटलराचा अंमल सुरू झाला, तेव्हा पुन्हा यहूदी मुंबईच्या धक्क्यावर उतरू लागले. १९३४ मध्ये मुंबईच्या यहूद्यांनी त्यांच्यासाठी साहाय्यक मंडळ स्थापिले. येणारास सरकारची परवानगी सुखासुखी मिळत नसे. हा मनुष्य सरकारावर भार होणार नाही असा जामीन लागे, आणि पुढे पुष्कळांचा जामीन ह्या मंडळाने घेतला. प्रागहून आलेला संगीतकार वॉल्टर कॉफमन १९३४ पासून १९४६ पर्यंत मुंबईत राहिला. आकाशवाणीच्या आरंभीची जी सुरावट आपल्या खेड्यांतून वर्षानुवर्षे पहाटे ऐकू येत असे, तिचे कर्तृत्व त्याच्याकडे देण्यात येते. व्हिएन्नाची नर्तकी हिल्डे होल्गर १९३९ मध्ये आली; तिने मुंबईत नृत्यशाळा काढिली, आणि मागे राहिलेले तिचे आप्त नाझींच्या हातून मारले गेले. सप्टेंबर १९३९ मध्ये महायुद्ध पेटताच आणखी एक विपरीत गोष्ट घडली. जे हिटलराच्या भयाने पळून आले होते त्यांपैकी अनेकांस हिटलराची प्रजा म्हणून पकडून अहमदनगरच्या, म्हणजे आजच्या अहिल्यानगरच्या, छावणीत डांबण्यात आले. चौकशीअंती पुष्कळांची सुटका झाली. परंतु मनुष्य न पाहता केवळ त्याचा कागद पाहिला म्हणजे काय होते, ह्याचा हा धडा आहे.

तथापि त्या दिवशी आमच्या मनास जी गोष्ट सर्वांत अधिक लागली ती कोणत्याही स्थळी दाखविण्याजोगी नव्हती. वाटाड्या दाखवितो ती आत येऊ दिलेल्यांची कामे. ज्यांस दार उघडले नाही त्यांची गोदी कोठे आहे? त्यांची सुरावट कोणी ऐकली? जुलै १९३८ मध्ये फ्रान्स देशातील एव्हियाँ येथे ३२ राष्ट्रांचे प्रतिनिधी ह्या निर्वासितांचा विचार करण्यास जमले होते. कळवळा बहुतेकांनी दाखविला, दार फारच थोड्यांनी उघडले. त्यानंतर सात वर्षांच्या आत युरोपातील सुमारे साठ लक्ष यहूदी मारले गेले. त्यांत शिंपी होते, म्हाताऱ्या होत्या, तान्ही बाळे होती. कोणाच्या विशेष उपयोगी न पडणारी साधी माणसे होती. उपयोग हे जर आश्रयाचे माप धरले, तर ह्या सर्वांस परत पाठविणे योग्य ठरेल. जे माप लावून अशा निर्णयास यावे लागते, ते माप खोटे होय.

दुसरे उत्तर असे की, आधी आपले. हे उत्तर आम्ही हलके मानीत नाही. आपल्या जिल्ह्यात पाऊस हुलकावणी देतो; ऊसतोडीच्या दिवसांत घराला कुलूप घालून सबंध कुटुंब परमुलखास जाते. अशा घराने दुसऱ्यास काय द्यावे? परंतु ज्या घरातील माणसे स्वतः सहा सहा महिने परक्याच्या बांधावर पालात राहतात, त्यांच्याइतके परकेपण कोणास कळते? ह्याच जालना शहरात लोखंडाच्या कारखान्यांतून बिहार व उत्तर प्रदेशातील मजूर येऊन राबतात. त्यांस आपण आपली भाकर तोडून द्यावी, असे कोणी म्हणत नाही. आजारी पडल्यास दवाखाना दाखवावा, खोलीच्या भाड्यात नाडू नये, ‘बाहेरचा’ म्हणून त्याच्यावर चोरीचा आळ घेऊ नये, ह्यास पैसा लागत नाही. आपली गरिबी आपल्या दानाची मर्यादा ठरविते खरी. परंतु कठोरपणास ती परवाना देत नाही.

तिसरे उत्तर सर्वांत खोल गेलेले आहे. बगदादहून आलेले यहूदी स्वतः आश्रित होते. तरी त्यांतील पुष्कळांनी कोकणच्या मराठी यहूद्यांस पूर्ण यहूदी मानण्याचे नाकारिले व उपासनेतही त्यांस दूर लोटिले. बेने इस्राएलांतही ‘गोरे’ व ‘काळे’ असा भेद होता, आणि गोऱ्यांनी काळ्यांशी सोयरीक करू नये असा दंडक होता. १९४८ नंतर त्यांच्यापैकी पुष्कळजण इस्राएल देशी गेले, तेथेही त्यांच्या कुळाविषयी शंका काढण्यात आली. ती मिटून पूर्ण मान्यता मिळावयास १९६४ साल उजाडावे लागले. ह्यावरून असे दिसते की, दुःख भोगल्याने मनुष्य आपोआप दयाळू होत नाही. तसे असते तर, तुम्ही मिसर देशात परदेशी होता ह्याची आठवण ठेवून परदेशीयावर प्रीती करा, अशी आज्ञा नियमशास्त्रात पुन्हा पुन्हा देण्याचे कारण पडले नसते.

प्रिय वाचकहो, येथे यहूद्यांकडे बोट दाखवून आपणांस मोकळे होता येत नाही. ज्यांस गावच्या विहिरीवर चढू दिले नाही, ज्यांची वस्ती शिवेबाहेर होती, त्यांचीच आपण पुष्कळजण नातवंडे व पणतवंडे आहो. असे असता सोयरीक जुळविताना ‘मूळचे कोण?’ हा प्रश्न आपल्या मंडळ्यांतून अद्यापि विचारला जातो की नाही? दुसऱ्या वाड्यातून आलेले कुटुंब देवालयात मागेच बसते की नाही? कारखान्यावरील मजुरास ‘बाहेरचा’ म्हणणारे आपण, बाकावर शेजारी बसणारासही बाहेरचाच ठेवितो.

कोणी म्हणेल, दया करून आपल्या पदरी काय पडते? ह्यास एक जुने उदाहरण आहे. स्कॉटलंडचे डॉ. जॉन विल्सन ह्यांनी बेने इस्राएलांच्या मुलांस शिकविले आणि १८३२ मध्ये मराठीतून इब्री व्याकरणाचे पुस्तक काढिले. त्या विद्येच्या योगे हे लोक आपली शास्त्रे मूळ भाषेत वाचू लागले व आपल्याच धर्मात अधिक दृढ झाले. ख्रिस्ती फारच थोडे झाले. मग विल्सन साहेबांचे श्रम फुकट गेले काय? आम्हांस तसे वाटत नाही. ज्यांची पुस्तके समुद्रात बुडाली होती त्यांस ती पुन्हा वाचता आली. जे दान परतफेडीची वाट पाहते त्यास कर्ज म्हणतात.

मुंबईच्या आणखी एका घराचे नाव घेतल्यावाचून राहवत नाही. नोव्हेंबर २००८ मध्ये कुलाब्याच्या नरिमन हाउसात अतिरेकी शिरले. तेथील यहूदी धर्मगुरू गॅव्रिएल होल्ट्झबर्ग व त्यांची पत्नी रिव्का मारली गेली. त्यांचा दोन वर्षांचा मुलगा मोशे ह्याचे रडणे ऐकून त्याची दाई सांड्रा सॅम्युएल ही लपल्या जागेतून निघून वर गेली व त्यास कडेवर घेऊन बाहेर पडली. त्या घडीस तिने कोणता हिशेब केला असेल? मूल कोणाचे, कोणत्या देशाचे, पुढे काय होणार, ह्यांपैकी काही नाही. मूल रडत होते, ती गेली.

आपल्या जालन्याजवळ बेथेल नावाचे गाव आहे. रेव्हरंड नारायण शेषाद्रि ह्यांनी एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात ते वसविले. त्यासाठी जमीन दिली ती निजामाचे दिवाण सर सालारजंग ह्यांनी. म्हणजे एका मुसलमान वजिराने ख्रिस्ती झालेल्या दीनांस. त्या नावाचा मूळ धनी याकोब हा, धोंडा उशास घेऊन उघड्या रानात निजलेला फरारी होता. आणि तो निरपराधीही नव्हता, भावास फसवून आला होता. तरी त्याच रात्री, तो सुधारण्यापूर्वीच, त्यास सांभाळण्याचे वचन मिळाले. ज्यांच्या गावास असे नाव आहे, त्यांनी दारी आलेल्या मनुष्यास प्रथम आत घ्यावे, पाणी द्यावे, आणि नाव मागाहून विचारावे.