पट आणि पंगत

बुद्धिबळाच्या पटावर लपविण्यासारखें कांहींच नसतें. पत्त्यांच्या डावांत हातांतलीं पानें झांकावीं लागतात. येथें बत्तीसही मोहरीं उघड्यावर असतात. मग अशा उघड खेळाचीं मंडळें दारें लावून कां बसतात? मला वाटतें, पटावर थोर-लहान हा भेद राखतां येत नाहीं, म्हणूनच तो दारावर राखावा लागतो.

मीर सुलतान खान हा पंजाबांतील खेळाडू सर उमर हयात खान यांच्या आश्रयानें १९२९ सालीं लंडनला गेला. त्याचा अभ्यास देशी पद्धतीचा. तींत प्यादें पहिल्या खेळींतही एकच घर चालतें. ही विद्या त्याला उंबरठ्याबाहेर ठेवावी लागली. यांत अन्याय झाला असें मी म्हणणार नाहीं. खेळास नियम एकच हवेत, मात्र ते नेहमी यजमानाचे असतात. त्याच वर्षीं त्यानें ब्रिटिश अजिंक्यपद मिळविलें. १९३२ व १९३३ सालीं पुन्हां मिळविलें. हेस्टिंग्जच्या १९३०-३१ च्या सामन्यांत तर माजी जगज्जेता कापाब्लांका त्याच्याकडून हरला.

परंतु पटावर बरोबरी मिळाली म्हणजे पंगतींत मिळते काय? अमेरिकन खेळाडू रूबेन फाईन यानें लिहून ठेविलें आहे कीं, १९३३ सालीं तो व त्याचे सोबती उमर हयात खानांकडे जेवावयास गेले, तेव्हां त्यांना वाढावयास सुलतान खानच होता. सुलतान खानाच्या वंशजांना तो नोकर होता हें मान्य नाहीं, आणि त्यांचें म्हणणें डावलतां येणार नाहीं. पण फाईनची हकीकत खरी धरली, तर एक गोष्ट ध्यानांत घ्यावी: तो पंक्तिप्रपंच करणारा यजमान इंग्रज नव्हता. साहेबाला नांवें ठेवून आपली सुटका होत नाहीं. गुण आंत घ्यावयाचा आणि गुणी माणूस दारांत उभा करावयाचा, ही कला आपणांस कोणीं शिकवावी लागली नाहीं.

सुलतान खान १९६६ सालीं वारला. जागतिक बुद्धिबळ संघटनेनें त्याला सन्माननीय ग्रँडमास्टर केलें तें २०२४ सालीं.

आमच्या जिमखान्यांत चहा आणणारा एक मुलगा होता. उभ्या उभ्या पाहूनच तो खेळ शिकला. एका संध्याकाळीं मीं त्याला समोर बसविलें, आणि तासाभरांत त्यानें माझ्यावर मात केली. मंडळींनीं टाळ्या वाजविल्या. त्याला सभासद करून घ्यावें असें कोणी म्हणालें नाहीं. मीही म्हणालों नाहीं. त्यानें मोहरीं डब्यांत भरलीं, आणि आम्हीं त्याला चार कप चहा आणावयास सांगितलें.