घर आणि विस्तव

चार्ल्स लँब हा इंग्रज निबंधकार १७९२ पासून १८२५ पर्यंत ईस्ट इंडिया कंपनीच्या लंडन येथील कचेरीत कारकून होता. सरकारी कारकुनी आमच्याही कपाळी आलेली असल्यामुळे त्याच्याविषयी आम्हांला सहजच आपुलकी वाटते. १८२२ साली त्याने डुकराच्या भाजलेल्या मांसावर एक निबंध लिहिला व त्यात एक काल्पनिक चीन देश उभा केला. आम्ही शाकाहारी, तरीही त्या देशाने आम्हांला अस्वस्थ केले आहे.

तेथे लोक मांस कच्चेच खात. एके दिवशी हो-टी नावाच्या डुकरे पाळणाऱ्याच्या पोराने, बो-बोने, विस्तवाशी खेळता खेळता झोपडी पेटवून दिली. तीत नऊ पिले होरपळून मेली. एकाला हात लावताच पोराची बोटे पोळली, ती त्याने तोंडात घातली, आणि भाजलेल्या अन्नाची चव माणसाला कळली. पुढे बापलेकांवर खटला झाला; परंतु पंचांनी ते मांस चाखले व दोघांनाही निर्दोष सोडले. थोड्याच दिवसांत खुद्द न्यायाधीशाचे घर पेटले! भाजलेले खायचे तर घर जाळलेच पाहिजे, अशी रीतच पडली. कालांतराने कोणी एक ज्ञानी निपजला व त्याने दाखवून दिले की, त्यासाठी अख्खे घर जाळण्याचे कारण नाही.

हे वाचून हसू येते खरे. पण आमच्या घरी काय होते?

आमच्या वडिलांचे श्राद्ध पौषात येते. दिल्लीच्या त्या थंडीतही आई पहाटे स्नान करून ओलेत्याने सारा स्वयंपाक करी. जेवताना चुलते दरवर्षी म्हणत, “वहिनी, वड्यांना अशी चव दुसरीकडे नाही.” आम्हीही मान डोलवीत असू. एका वर्षी तिला ताप भरला आणि भिंतीचा आधार घेऊन उभी असलेली ती आम्हांला दिसली. तेव्हा लँबच्या देशातले जळणारे घर प्रथमच आमच्या डोळ्यांपुढे आले.

मात्र एक भेद ध्यानात घेतला पाहिजे. त्या देशात खाणारा आपलेच घर जाळीत होता. उघड्यावर बसल्यावर त्याला आज ना उद्या विचार करणे भागच होते. आमच्याकडे खाणारा एक, जळणारा दुसरा. पानावर बसलेल्याला धग लागत नाही. म्हणूनच आमच्याकडे ज्ञानी उशिरा येतो.

वडिलांचे स्मरण हा विस्तव, ओलेते हे घर, असे आम्ही आईला समजावू लागलो. ती म्हणाली, “तुला ओलेतं तेवढं दिसलं. वर्षातून एक दिवस मी त्यांच्यासाठी काही सोसते, ते नाही दिसलं.” आम्ही निरुत्तर झालो. घर तिचे, ते जाळावे की राखावे, हे ठरविणारे आम्ही कोण? तथापि, पानावर बसून चव वाखाणण्याचा अधिकार आमचा नव्हता, एवढे खास.

पुढच्या पौषात आम्हीही पहाटे थंड पाण्याने स्नान केले आणि ओल्या पंचाने तिच्याशेजारी डाळ वाटायला बसलो. घटकाभरात आमचे दात वाजू लागले. तिने एकदा आमच्याकडे पाहिले व म्हटले, “जा, कोरडं नेसून ये.”

“आधी तू,” आम्ही म्हणालो.

दोघेही कोरडे नेसून आलो. वड्यांची चव तीच होती.